शफी इनामदार

चित्रपट पाहून आल्यावर आपण नायकाचे नाव घेतो, नायिकेचे घेतो. पण नायकाचा मित्र किंवा वरिष्ठ झालेला नट कोण, असे कोणी विचारले तर? "अरे, तोच तो!" एवढेच आपण म्हणतो. अशा नटाला सहायक अभिनेता म्हणतात. शफी इनामदार हे असेच एक अभिनेते होते.

त्यांचा जन्म १९४५ साली रत्नागिरी जिल्ह्यातील दापोली तालुक्यात, पांगारी या गावी झाला. त्यांचे आडनाव पाहा. 'इनाम' हा शब्द अरबी आणि 'दार' हा प्रत्यय फारसी. 'इनामदार' हा शब्द उर्दूत आहे तसा मराठीतही आहे, आणि हे आडनाव हिंदू व मुसलमान अशा दोन्ही घरांत आढळते. शफीसाहेबही एका भाषेत अडकले नाहीत. मराठी, हिंदी आणि गुजराती या तिन्ही रंगभूमींवर त्यांनी कामे केली. 'ळ' आणि 'ण' म्हणताना तुमची जीभ अडखळते ना? माझीही अडखळत असे. मग प्रेक्षकांसमोर तीन भाषांत बोलायला किती मेहनत लागली असेल!

चित्रपटात ते तसे उशिराच आले. १९८२ साली 'विजेता' आणि १९८३ साली 'अर्धसत्य' हे गोविंद निहलानी यांचे चित्रपट त्यांनी केले. 'अर्धसत्य' हा श्री. दा. पानवलकर यांच्या 'सूर्य' या मराठी कथेवर आधारलेला आहे. त्यात ओम पुरी अनंत वेलणकर नावाचे फौजदार झाले आहेत, तर शफी इनामदार इन्स्पेक्टर हैदर अली. वेलणकर प्रामाणिक पण तापट. तो अडचणीत येतो, तेव्हा हैदर अली त्याला वजनदार माणसांच्या ओळखीने सुटण्याचा मार्ग सुचवतो. हा मार्ग काही सरळ नव्हे. तरीही आपल्याला हैदर अलीचा राग येत नाही, कारण त्याच्या आवाजात मित्राची काळजी आहे. तो इतका शांत आहे, म्हणूनच वेलणकरचा संताप आपल्याला भिडतो. माझ्या मते शफीसाहेबांचे हेच सर्वांत चांगले काम.

१९८४ साली दूरदर्शनवर 'ये जो है जिंदगी' ही मालिका सुरू झाली. तुमच्या घरातील वडीलधाऱ्यांना विचारा, त्यांना ती नक्की आठवेल. सतीश शाह दर भागात नवे सोंग घेऊन येत आणि हशा मिळवत. शफी इनामदार मात्र रणजित वर्मा. सोंग नाही, वेश नाही. समोरच्या गोंधळाने चकित झालेला साधा माणूस त्यांना उभा करायचा होता. तो चकित झाला नसता तर आपण हसलो असतो का?

'ती फुलराणी' या नाटकामुळे गाजलेल्या भक्ती बर्वे या त्यांच्या पत्नी. १९९५ साली शफीसाहेबांनी 'हम दोनों' हा चित्रपट दिग्दर्शित केला. पुढच्याच वर्षी, १३ मार्च १९९६ रोजी, हृदयविकाराच्या झटक्याने ते वारले. वय अवघे पन्नास. त्या दिवशी कोलकात्यात भारत आणि श्रीलंका यांच्यात विश्वचषकाचा उपांत्य सामना चालू होता, आणि दूरदर्शनसमोर बसलेल्या लाखो लोकांप्रमाणे तेही तो पाहत होते.