गोल थांबल्यानंतरची तीस वर्षं

‘फुटबॉलमध्ये स्कोप आहे का?’ असं विचारणाऱ्या आईवडिलांच्या मनात खरं तर दुसराच प्रश्न असतो: पोराला नाही जमलं तर? ही काळजी रास्त आहे आणि तिला उत्तरंही आहेत. पण त्याच्या पुढचा एक प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. जमलं तर काय? समजा, सगळं मनासारखं झालं. मुलगा देशासाठी खेळला, नाव झालं, पैसा आला. तरी पस्तिशीच्या आसपास बूट उतरवावे लागणारच. त्यानंतर कमावण्याची निदान पंचवीस-तीस वर्षं उरतात. त्यांचं काय?

या प्रश्नासाठी तुर्कस्तानच्या हाकान शुकूरचं आयुष्य मुद्दाम अभ्यासावं असं आहे, कारण त्याला खरोखरच सगळं जमलं होतं.

१९७१ चा जन्म, इस्तंबूलच्या पूर्वेकडच्या साकार्या प्रांतातला. आपल्याकडची मुलं अकरावी-बारावीत असतात त्या वयात, १९८७ मध्ये, तो तिथल्याच साकार्यास्पोर क्लबकडून व्यावसायिक फुटबॉल खेळू लागला. मग बुर्सास्पोर आणि १९९२ मध्ये इस्तंबूलचा गालातासाराय. सहा फुटांहून अधिक उंचीचा हा स्ट्रायकर पुढं तुर्की लीगमध्ये २४९ गोल करून गेला. राष्ट्रीय संघाकडून ११२ सामन्यांत ५१ गोल, म्हणजे देशासाठी सर्वाधिक. लोक त्याला नुसतं ‘राजा’ म्हणत.

पण १९९५ साल बघा. इटलीच्या तोरिनो क्लबनं त्याला विकत घेतलं. घरचा हिरो परदेशी निघाला आणि जेमतेम पाच लीग सामने खेळून त्याच हंगामात गालातासारायला परत आला. मुलगा पुण्याच्या होस्टेलवरून महिन्या-दोन महिन्यांत बॅग घेऊन घरी परतला, की आपल्या घरात काय वातावरण होतं ते आठवा. ‘याच्यात दमच नाही’ असा शिक्का तिथल्या तिथं बसतो. शुकूरनं १९९६-९७ च्या हंगामात ३८ गोल केले आणि त्या हंगामापासून सलग तीन वर्षं लीगमध्ये सर्वाधिक गोल त्याचेच होते. पाय तेच होते, डोकंही तेच. फरक संघाचा, भाषेचा, भोवतालच्या माणसांचा होता. मुलाचं एखाद्या ठिकाणी जमलं नाही, तर त्याची कुवत मोजायला बसण्याआधी ती जागा त्याला मानवली का हे तपासा. हे मी खेळाडूंच्याच नाही, इंजिनिअरिंगच्या मुलांच्या पालकांनाही कळकळीनं सांगते.

मे २००० मध्ये कोपनहेगनला आर्सेनलला पेनल्टीवर हरवून गालातासारायनं युएफा कप जिंकला. युरोपातला मोठा करंडक जिंकणारा तो पहिला तुर्की क्लब. त्यानंतर शुकूर पुन्हा इटलीत गेला, आधी इंटर मिलान, मग पार्मा. तिथंही गोल बेताचेच झाले.

२००२ च्या विश्वचषकात तो तुर्कस्तानचा कर्णधार होता. पहिले सहा सामने झाले, त्याचा गोल शून्य. सेनेगलविरुद्धच्या उपांत्यपूर्व सामन्यात प्रशिक्षक शेनोल ग्युनेश यांनी त्याला बाहेर बोलावून इल्हान मान्सिझला आत पाठवलं आणि जादा वेळेत त्याच मान्सिझनं विजयी गोल केला. देशाच्या सर्वांत मोठ्या खेळाडूला बाकावर बसून हे बघावं लागलं. तरी ग्युनेश यांनी पुढच्या सामन्यांतही त्याला पहिल्या अकरांत ठेवलं. तिसऱ्या क्रमांकाची लढत यजमान दक्षिण कोरियाशी, २९ जून, देगू शहर. कोरियानं खेळ सुरू केला, चेंडू मागं बचावपटूकडं दिला. त्याच्याकडून तो नीट अडला नाही, मान्सिझनं झडप घातली, चेंडू शुकूरसमोर आला आणि डाव्या पायानं थेट जाळ्यात. अकरावा सेकंदही पुरता झाला नव्हता. विश्वचषकाच्या इतिहासातला हा सर्वांत वेगवान गोल. तुर्कस्ताननं सामना ३-२ असा जिंकला.

इथवर वाचून कुठलाही मुलगा म्हणेल, मलाही हेच हवंय. हवं असू दे. आता पुढचं वाचा.

२००८ मध्ये, छत्तिसाव्या वर्षी, शुकूर निवृत्त झाला. टीव्हीवर फुटबॉलचं विश्लेषण करू लागला. २०११ मध्ये सत्ताधारी पक्षाकडून इस्तंबूलमधून खासदार झाला. २०१३ च्या डिसेंबरात त्यानं पक्ष सोडला, आणि त्यामागचा वाद आपल्या पालकांना ओळखीचा वाटेल अशा विषयावर होता. विद्यापीठ प्रवेश परीक्षेची तयारी करून घेणारे खासगी क्लासेस बंद करण्याचा सरकारचा बेत होता. त्यांतले बरेच क्लासेस धर्मोपदेशक फेतुल्ला गुलेन यांच्या अनुयायांचे होते आणि शुकूर त्यांच्या जवळचा. पुढं तो अमेरिकेत गेला. २०१६ च्या फसलेल्या लष्करी उठावामागं गुलेन यांची चळवळ होती असं तुर्की सरकारचं म्हणणं आहे. त्याच वर्षी शुकूरविरुद्ध अटकेचं वॉरंट निघालं. उठावाशी आपला संबंध नसल्याचं तो सांगतो. कोण बरोबर याचा निवाडा मी करणार नाही. पण कॅलिफोर्नियात त्यानं कॅफे चालवून पाहिला, आणि २०२० मध्ये एका जर्मन वृत्तपत्राला त्यानं सांगितलं की आपण उबर चालवतो, पुस्तकं विकतो.

या कामांत कमीपणा काहीच नाही. माणूस कष्ट करून जगतोय. मला अस्वस्थ करते ती दुसरीच गोष्ट. एक्कावन्न आंतरराष्ट्रीय गोलांना परक्या देशाच्या नोकरीच्या बाजारात किंमत नव्हती, ड्रायव्हिंग लायसन्सला होती. कीर्तीला सीमा असतात. आपल्या मुलांवर देश सोडायची वेळ बहुधा येणार नाही, पण गुडघ्याचा लिगामेंट एका दुपारीत फाटतो आणि अठराव्या वर्षीही फाटतो.

म्हणून खेळू नका असं मी म्हणत नाही. कोल्हापूरच्या अनिकेत जाधवनं पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीतून २०१७ च्या सतरा वर्षांखालच्या विश्वचषकापर्यंत मजल मारली; वाट आहे. फक्त ‘खेळून झाल्यावर बघू’ हे चालणार नाही, दुसरं काम खेळता खेळताच शिकायला हवं. ते खेळातलंच असू शकतं. गालातासारायला युएफा कप जिंकून देणारे फातिह तेरिम आणि ग्युनेश, दोघंही आधी खेळाडूच होते.

तुमच्या मुलानं अठरावं ओलांडलं असेल तर अखिल भारतीय फुटबॉल महासंघाचा प्रशिक्षकपदाचा डी लायसन्स कोर्स त्यानं सुट्टीत करावा, किंवा रेफ्रीची परीक्षा द्यावी. बारावीला जीवशास्त्र असेल तर फिजिओथेरपीचा विचार जरूर करा. दुखापत स्वतः भोगलेला फिजिओ खेळाडूशी वेगळं बोलतो. बी.पी.एड.ची वाट आहेच. राज्य सरकारच्या नोकऱ्यांत खेळाडूंसाठी ५ टक्के आरक्षण आहे, पण ते ठरावीक स्पर्धांतल्या कामगिरीवर आणि प्रमाणपत्रांच्या पडताळणीवर मिळतं. कितीतरी घरांत ही प्रमाणपत्रं माळ्यावर भिजून जातात. आजच एक फाईल करा. आणि इंग्रजी बोलायला शिकवा, न लाजता.

अॅकॅडमीची फी भरण्याआधी तिथल्या कोचना एवढं विचारा: पाच वर्षांपूर्वी तुमच्याकडं खेळणारी मुलं आज काय करतात? संघात निवडल्या गेलेल्या दोघा-तिघांची नावं ते लगेच सांगतील. उरलेल्यांबद्दल विचारा, आणि उत्तर मिळेपर्यंत तिथून उठू नका.