पदोन्नतीचा फरक आणि तीन वर्षांची मुदत

कॅसची, म्हणजे अध्यापकांच्या करिअर ॲडव्हान्समेंट स्कीमची, स्थाननिश्चिती झाली, आदेश हातात पडला, तरी वाढीव पगार आपोआप सुरू होत नाही. महाराष्ट्रातल्या अनुदानित महाविद्यालयात समितीची शिफारस आणि विद्यापीठाची मान्यता मिळाल्यावर वेतननिश्चितीचा प्रस्ताव विभागीय उच्च शिक्षण सहसंचालकांच्या कार्यालयात जातो. तिथे कागद तपासून मान्यता मिळाली, की मगच फरकाचे पुरवणी देयक निघते. यातला एक टप्पा अडला तरी पगार जुन्याच स्तरावर राहतो. रक्कम किरकोळ नसते. सातव्या वेतन आयोगात स्तर १२ ची सुरुवात ७९,८०० रुपयांपासून होते, तर स्तर १३अ ची, म्हणजे सहयोगी प्राध्यापकाची, १,३१,४०० रुपयांपासून.

प्रस्तुत लेखकाचा प्रस्ताव सेवापुस्तकात राहून गेलेल्या एका नोंदीमुळे अडला. त्रुटीचे पत्र महाविद्यालयात येऊन पडले होते. ते लेखकाला कोणी दाखवले नाही आणि त्यानेही विचारले नाही. दरवर्षी एक अर्ज आणि दरवर्षी तेच तोंडी आश्वासन, अशी पाच वर्षे गेली. वकिलाकडे गेल्यावर कळले, की पहिल्या दोन वर्षांचा फरक हातचा गेला आहे.

कारण कायद्यात आहे. चुकीच्या वेतननिश्चितीमुळे दरमहा कमी पगार मिळणे हे दरमहा नव्याने घडणारे नुकसान आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने एम. आर. गुप्ता प्रकरणात १९९५ साली मानले. त्यामुळे उशीर झाला तरी योग्य वेतनाचा हक्क बुडत नाही. थकबाकीचे तसे नाही. तरसेम सिंग प्रकरणातल्या २००८ च्या निकालानुसार ती सर्वसाधारणपणे याचिका दाखल होण्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. अर्जावर अर्ज केल्याने मुदत थांबते, हा स्टाफरूममधला समज खोटा आहे. शिळ्या मागणीवर कार्यालयाने उत्तर दिले तरी ती ताजी होत नाही, हे त्याच वर्षीच्या सी. जेकब प्रकरणात स्पष्ट झाले आहे.

म्हणून आदेशानंतर काही महिन्यांतच प्राचार्यांना लेखी अर्ज द्यावा, प्रत सहसंचालकांना पाठवावी आणि पोच घेताना आवक क्रमांक व तारीख पाहून घ्यावी. प्रस्ताव कोणत्या टेबलावर आहे आणि त्रुटी कोणती, हे माहितीच्या अधिकारात विचारावे. उत्तर ३० दिवसांत देणे बंधनकारक आहे. लेखकाच्या बाबतीत पाच वर्षांत न कळलेली त्रुटी अशाच एका अर्जाने उघड झाली.

दाद कुठे मागायची, यातही चूक होते. अध्यापक तत्कालीन औद्योगिक विवाद कायद्याखाली 'कामगार' ठरत नाही, हे ए. सुंदरंबल विरुद्ध गोवा, दमण व दीव सरकार या १९८८ च्या निकालाने ठरले आहे. त्यामुळे श्रमिक न्यायालयाचा मार्ग बंद आहे. विद्यापीठ व महाविद्यालयीन न्यायाधिकरण मुख्यतः बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती अशा प्रकरणांसाठी आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ च्या कलम ७९ खालच्या तक्रार निवारण समितीकडे जाता येते, पण तिच्या निर्णयाची वाट पाहताना तीन वर्षांचा हिशेब विसरू नये. शासकीय महाविद्यालयातल्या अध्यापकाला आधी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जावे लागते. अनुदानित महाविद्यालयातल्या अध्यापकासाठी खरा उपाय म्हणजे अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका. तीत शासन, सहसंचालक, विद्यापीठ, संस्था आणि महाविद्यालय या सर्वांना प्रतिवादी करावे, नाहीतर प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो.

व्याजाची मागणी याचिकेतच लिहावी. आंध्र प्रदेश शासनाने लांबवलेल्या वेतनावर सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये ६ टक्के व्याज मंजूर केले होते. वेतननिश्चितीच्या वेळी दिलेले हमीपत्रही नीट वाचून ठेवावे. जादा रक्कम परत करण्याची हमी देणारा अधिकारी पुढे वसुलीला हरकत घेऊ शकत नाही, असे २०१६ च्या जगदेव सिंग निकालात म्हटले आहे.

निकाल बाजूने लागला तरी फरक खात्यात जमा होईपर्यंत फाइल बंद करू नये. न्यायालयाने दिलेली मुदत उलटूनही पैसे आले नाहीत तर अवमान याचिका करता येते. तिच्यासाठी कायद्याने ठरवलेली मुदत अवमान घडल्यापासून एक वर्षाची आहे.