ऋतुजा, सही करण्याआधी

सातारा

चि. ऋतुजा,


पुनावळ्याच्या फ्लॅटचा आणि बँकेच्या कर्जाचा हिशेब तू पाठवलास, तो मी नीट वाचला. दादाचाही फोन येऊन गेला. भाडं म्हणजे पाण्यात गेलेला पैसा, पोरीने आता स्वतःचं घर करावं, असं त्याचं म्हणणं. घर करू नकोस असं मीही म्हणणार नाही. पण माझी सगळी नोकरी बँकेच्या कर्ज विभागात झाली. कर्ज घ्यायला आलेली माणसं एकच प्रश्न विचारायची, हप्ता किती बसेल? तो पगारात बसतोय एवढं कळलं की सह्या करून मोकळी व्हायची. एकूण किती भरावे लागतील, हे विचारणारे फार थोडे भेटले. तू त्या थोड्यांत असावीस, म्हणून फोनवर न बोलता लिहिते आहे. हे आकडे समोर ठेवून सावकाश वाचायचे आहेत.

तुझं कर्ज ५० लाखांचं, दर साडेआठ टक्के, मुदत बँकेने ३० वर्षं सुचवलेली. हप्ता ३८,४४६ रुपये. आता त्याला ३६० ने गुण. १ कोटी ३८ लाख ४० हजार होतात. म्हणजे ५० लाखांवर ८८ लाखांहून जास्त नुसतं व्याज. हेच कर्ज २० वर्षांचं केलंस तर हप्ता ४३,३९१ होतो आणि एकूण व्याज ५४ लाख १४ हजार. महिन्याला जवळजवळ पाच हजार कमी भरायला मिळावेत म्हणून तू एकूण ३४ लाख जास्त देणार आहेस. साडेबासष्ट लाखांच्या फ्लॅटच्या निम्म्याहून जास्त किंमत आहे ही. आज तू २९ वर्षांची आहेस, ३० वर्षांच्या कर्जाचा शेवटचा हप्ता साठाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर भरशील.

तू म्हणशील, आत्या, वीस-तीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका थोडाच राहणार आहे? बरोबर आहे. पगार वाढत जाईल, हप्ता तेवढाच राहील, आणि आज जड वाटणारे ४३ हजार दहा वर्षांनी तेवढे जड वाटणार नाहीत. २० वर्षांत भरायचे एकूण एक कोटी चार लाख म्हणजे आजचे एक कोटी चार लाख नव्हेत, हे मला मान्य आहे. पण हा युक्तिवाद कर्ज परवडतं की नाही एवढ्यापुरता ठीक. मुदत लांबवायला तो कारण म्हणून वापरू नये, कारण व्याजाचा जोर सगळा सुरुवातीला असतो, रुपया अजून महाग असतो तेव्हा.

तो जोर कसा असतो ते बघ. २० वर्षांच्या कर्जाचा पहिला हप्ता ४३,३९१ चा. त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटतं जेमतेम ७,९७४. बँक यात काही लबाडी करत नाही. शिल्लक ५० लाखांवर एक महिन्याचं व्याज तेवढंच होतं. शिल्लक कमी होईल तसं व्याज कमी होतं आणि मुद्दलाचा वाटा वाढतो, पण फार हळू. पाच वर्षांत तू २६ लाख भरलेले असशील आणि मुद्दल फिटलेलं असेल सहा लाखांच्याही आत. दहा वर्षांनी, अर्धी मुदत उलटून गेल्यावर, ३५ लाख बाकी असतील. लोक पाच-सहा वर्षांनी घर विकायला किंवा कर्ज दुसऱ्या बँकेत न्यायला यायचे आणि शिल्लक बघून त्यांचा विश्वासच बसायचा नाही. ‘मॅडम, काहीतरी चुकलंय’ असं म्हणायचे. चुकलेलं काही नसायचं.

दादाच्या भाड्याच्या मुद्द्यावरही इथेच लिहिते. तू वाकडला २२ हजार भाडं भरतेस. ते परत येत नाही, खरं आहे. पण मग पहिल्या महिन्याच्या व्याजाचे ३५ हजारही परत येत नाहीत. मालमत्ता कर, सोसायटीचा मेंटेनन्स, दुरुस्त्या, यातलंही काही परत येत नाही. घराच्या बाजूने बोलायचं तर भाडं दरवर्षी वाढतं, मालक कधीही घर सोडायला सांगतो, आणि कर्ज फिटल्यावर छप्पर आपलं राहतं. या गोष्टींना मोल आहे आणि मी ते कमी लेखत नाही. मात्र तुलना करायची तर भाड्याची व्याजाशी कर, पूर्ण हप्त्याशी नको. पुढची सात-आठ वर्षं तू पुण्यातच राहणार आहेस का, हा प्रश्नही स्वतःला विचार. दोन-तीन वर्षांत बंगळूरला किंवा परदेशी जायचं डोक्यात असेल, तर मुद्रांक शुल्क आणि सुरुवातीचं व्याज यांचा भार उतरायच्या आतच घर विकावं लागेल.

आता ज्या गोष्टीचा मला मनापासून राग येतो, ती. तुझा दर बदलता आहे. बँकांनी अशी नवी गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला जोडावीत असं रिझर्व्ह बँकेने १ ऑक्टोबर २०१९ पासून ठरवलं, आणि बहुतेकांनी रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो, धरला. रेपो वाढला की तुझा दर वाढतो, उतरला की उतरतो. मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहा झाला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के! त्याआधी ज्यांनी ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी ५० लाख घेतले, त्यांचा हप्ता ३८,७६५ होता. दर वाढल्यावर बऱ्याच ठिकाणी हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली गेली. घरात कुणाला काही जाणवलं नाही, कारण खात्यातून तेवढेच पैसे जात होते. पण दर साडेआठवर गेला आणि हप्ता तोच राहिला, की २० वर्षांच्या कर्जाची २९ वर्षं होतात. साडेनऊवर गेला आणि शिल्लक ४९ लाख असली, तर महिन्याचं व्याजच ३८,७९२ होतं. हप्ता भरूनही कर्ज २७ रुपयांनी वाढतं. म्हणजे ते कर्ज कधीच फिटणार नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने याला आळा घातला. दर बदलताना हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कर्जदाराला कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायची मुभा त्याला द्यायची, आणि हप्ता व्याजापेक्षा कमी पडेल अशी वेळ येऊ द्यायची नाही. नियम चांगला आहे. पण मुभा आहे हे माहीत असेल तोच ती वापरणार. बँकेचा संदेश शंभर जाहिरातींत हरवतो. तू मात्र दर वाढल्याची बातमी आली की लगेच शाखेला लिही, ‘माझा हप्ता वाढवा, मुदत तीच ठेवा.’ दर उतरला तर उलट कर. हप्ता कमी करून घेऊ नकोस, तोच चालू ठेव, कर्ज लवकर संपेल. फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. त्या वेळी ज्यांनी हप्ता हलवला नाही, त्यांची मुदत आपोआप घटली.

एक विचारून घे. तू ज्यांच्याकडे जाते आहेस ती बँक आहे की गृहवित्त कंपनी? कंपन्यांना रेपोशी जोडण्याचं बंधन नाही, त्या स्वतःच्या मूळ दरावर चालतात. तिथे दर चढताना लगेच चढतो आणि उतरताना जुन्या ग्राहकाला अर्ज करून, शुल्क भरून उतरवून घ्यावा लागतो, असं मी पुष्कळांच्या बाबतीत पाहिलं. नव्या ग्राहकाला कोणता दर देता, हे दरवर्षी एकदा विचारायचं. शुल्क व्याजाच्या मानाने किरकोळ असतं.

तुझ्या कागदांत ५० लाखांऐवजी ५१ लाख ५० हजार दिसले. वरचे दीड लाख विम्याचा एकरकमी हप्ता आहे आणि तो कर्जातच घातला आहे. ३० वर्षांचं राहू दे, २० वर्षांतसुद्धा या दीड लाखाचे ३ लाख १२ हजार होतात. कर्जाएवढा विमा असलाच पाहिजे, त्याबद्दल दुमत नाही. पण तो बँक सांगेल त्याच कंपनीचा घ्यायची सक्ती नाही. तू स्वतंत्र मुदत विमा घे. उद्या कर्ज दुसरीकडे नेलंस तरी तो तुझ्याबरोबर येईल.

आणि खिशातून जाणारे पैसे आधी मोज. साडेबासष्ट लाखांच्या घरावर बँक ८० टक्के देते, म्हणजे साडेबारा लाख तुझे. मुद्रांक शुल्क पिंपरी-चिंचवडमध्ये ७ टक्के. खरेदी फक्त तुझ्या एकटीच्या नावावर असेल तर महिलेला एक टक्का सवलत आहे, म्हणजे पावणेचार लाख. दादाचं नाव जोडलंस तर सवलत जाईल, हे त्यालाही सांग. नोंदणीचे ३० हजार. इमारत अजून बांधकामाधीन आहे, म्हणून ५ टक्के जीएसटी, ३ लाख १२ हजार. भोगवटा पत्र मिळालेल्या तयार घराला हा कर लागत नाही. सगळे मिळून २० लाखांच्या जवळ जातात, फर्निचर अजून धरलेलंच नाही. मुद्रांक शुल्क आणि नोंदणीसाठी बँक कर्ज देणार नाही. त्यासाठी वैयक्तिक कर्ज काढायचा विचार असेल तर घर वर्षभर पुढे ढकल. गृहकर्जाच्या हप्त्यावर दुसरा महाग हप्ता चढवून पहिली दोन वर्षं काढणारी जोडपी मी जवळून पाहिली आहेत. त्यांना घराचा आनंद फार थोडा मिळाला.

ताबा मिळेपर्यंत नुसतं व्याज भरायची सोय बिल्डरचा माणूस मोठ्या कौतुकाने सांगेल. त्या काळात मुद्दलातला एक रुपयाही फिटत नाही. सरासरी ३० लाख वितरित झालेले असले तर वर्षाला अडीच लाख व्याज जाईल, आणि वाकडचं भाडं चालूच. महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची ताब्याची तारीख बघ आणि त्यापुढे आणखी एक वर्ष धरून हिशेब कर.

करसवलतीबद्दल तुझा सहकारी जे म्हणाला ते जुन्या करप्रणालीत खरं आहे. तिथे स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. तू नव्या प्रणालीत आहेस, तिथे ती मिळत नाही. सवलतीसाठी कर्ज ठेवायचं, हे तर मला कधीच पटलं नाही.

मग करायचं काय? मुदत २० वर्षांची घे. काही जाणते लोक सांगतात की ३० ची घ्यावी आणि हातात येईल तसे जास्तीचे भरत जावेत, अडचणीत हप्ता लहान असलेला बरा. कागदावर ते योग्य आहे. प्रत्यक्षात खात्यात राहिलेला पैसा घरात, प्रवासात, लग्नकार्यात जातो आणि जास्तीचे भरणं राहून जातं. तुझी शिस्त पक्की असेल तर ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज विचारून बघ. त्यात खात्यात ठेवलेल्या पैशांवरचं व्याज वाचतं आणि गरजेला ते काढताही येतात. दर किंचित जास्त असतो.

आधी सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला ठेव. त्याला हात लावायचा नाही. तुमच्या क्षेत्रात नोकऱ्या कशा जातात ते तू माझ्यापेक्षा जास्त जाणतेस. ते झालं, की बोनसमधून दरवर्षी एक हप्ता जास्तीचा भर. एवढ्याने २० वर्षांचं कर्ज सव्वातीन वर्षं आधी संपतं आणि सुमारे १० लाख व्याज वाचतं. जमेल तेवढं सुरुवातीला भर. पहिल्या वर्षाच्या शेवटी दोन लाख भरलेस तर शेवटचे २१ हप्ते गळतात, ९ लाखांहून जास्तीचे. तेच दोन लाख पंधराव्या वर्षी भरलेस तर सहा-सात हप्ते जातील. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकांना लावता येत नाही, २०१२ पासूनच. पैसे भरताना ‘हप्ता कायम ठेवून मुदत कमी करा’ असं लेखी दे आणि परतफेडीचं नवं वेळापत्रक हातात घेऊनच शाखेतून बाहेर पड. हे लेखी न दिल्यामुळे हप्ता कमी करून दिलेली आणि मुदत तशीच राहिलेली खाती मी स्वतः दुरुस्त केली आहेत.

बँकेने तुला ६० लाखांची पात्रता काढून दिली, म्हणून दुसरा मोठा फ्लॅटही बघावासा वाटतोय, असं लिहिलंस. पात्रता बँकेच्या सोयीचा आकडा आहे. तुझ्या पगारातून ती किती वसूल करू शकते, एवढंच तो सांगतो. तुला नोकरी बदलावीशी वाटली, वर्षभर शिकावंसं वाटलं, दादा-वहिनींचं आजारपण आलं, याचा विचार त्यात नाही. तो तुलाच करावा लागेल. हातात येणाऱ्या पगाराच्या तिसऱ्या हिश्शापुढे हप्ता जाऊ देऊ नकोस.

सोमवारी बँकेत जाशील तेव्हा विम्याशिवायचं, २० वर्षांचं मंजुरीपत्र माग. दर कशाला जोडला आहे, त्यावर बँकेने किती टक्के चढवले आहेत आणि दर किती महिन्यांनी बदलतो, हे त्यातच लिहिलेलं असतं. त्या पानांचे फोटो मला पाठव. मी वाचून होईपर्यंत सही करू नकोस, बिल्डरने कितीही घाई केली तरी.

तुझी,
आत्या