ठसा आणि साक्ष : ‘द रेड थंब मार्क’मधील न्यायवैद्यक तज्ज्ञ

गुन्हेकथेतील वैज्ञानिक तज्ज्ञ म्हणजे शेवटचा शब्द उच्चारणारा अधिकारी, अशी सर्वसाधारण धारणा आढळते. आर. ऑस्टिन फ्रीमन (१८६२-१९४३) यांची १९०७ साली प्रसिद्ध झालेली ‘द रेड थंब मार्क’ ही कादंबरी या धारणेची मुळातूनच तपासणी करते. तिचा नायक डॉ. थॉर्नडाइक वैद्य आहे आणि विधिज्ञही आहे. पुरावा शोधणे आणि पुराव्याचे मोल ठरविणे ही दोन्ही कार्ये त्याच्या ठायी एकवटली आहेत.

तिजोरीतील हिरे चोरीस जातात. आत रक्ताळलेल्या अंगठ्याचा ठसा असलेला कागद सापडतो आणि तो ठसा मालकाचा पुतण्या रूबेन हॉर्न्बी याच्या अंगठ्याशी तंतोतंत जुळतो. पोलिसांच्या दृष्टीने येथेच तपास संपतो.

या निःशंकतेमागील ऐतिहासिक संदर्भ लक्षात घेणे अगत्याचे आहे. बोटांच्या ठशांचे कार्यालय कलकत्त्यात १८९७ साली स्थापन झाले. वर्गीकरणाची पद्धती एडवर्ड हेन्री यांच्या नावे ओळखली जात असली, तरी तिच्या घडणीत अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस यांचा मोलाचा वाटा होता. १९०१ मध्ये ती स्कॉटलंड यार्डने स्वीकारली. १९०५ मध्ये डेटफर्ड येथील खुनांच्या खटल्यात अंगठ्याच्या ठशावरून दोघा भावांना फाशी झाली. अवघ्या दोन वर्षांनी फ्रीमन यांनी या नव्या प्रमाणावर प्रश्नचिन्ह उभे केले.

ठसा रूबेनच्या अंगठ्याचा आहे, हे थॉर्नडाइक नाकारत नाही. ठसा अंगठ्याची आकृती सिद्ध करतो, अंगठ्याची उपस्थिती नव्हे, हा त्याचा मूलगामी भेद आहे. घरातील ठसे-वहीत रूबेनचा ठसा आधीच होता. त्यावरून साचा तयार करता येतो, हे त्याने प्रयोगाने सिद्ध केले. न्यायालयात खरे व कृत्रिम ठसे समोर ठेवले असता सरकारी तज्ज्ञ फसतात आणि निरपराध तरुण सुटतो.

रचनेच्या दृष्टीने कादंबरीत उणीव जाणवते. खरा अपराधी वाचकाला लवकर उमगतो. तथापि त्यामुळेच कुतूहलाचे केंद्र ‘कोणी केले’ याकडून ‘कसे सिद्ध होईल’ याकडे सरकते. निवेदक डॉ. जर्व्हिस यास सारे दिसते, पण त्याचा अर्थ लागत नाही. वाचकाची स्थितीही तीच राहते.

हा प्रश्न केवळ ऐतिहासिक नाही. २००४ च्या माद्रिद बॉम्बस्फोटानंतर अमेरिकेच्या एफ.बी.आय.ने ठशाच्या चुकीच्या जुळणीवरून एका निर्दोष वकिलाला ताब्यात घेतले होते. तेथे ठसा बनावट नव्हता. चूक तज्ज्ञांच्या वाचनाची होती. दोन्हीकडे धोका एकच : पुराव्याविषयीचे मत पुराव्याच्याच जागी बसते. पुरावा बोलत नाही, त्याच्या वतीने माणूस बोलतो. म्हणूनच त्या माणसाची उलटतपासणी अपरिहार्य ठरते. विज्ञानाच्या साहाय्याने विज्ञानाच्या दाव्यांची मर्यादा दाखविणारा नायक निर्माण करणे, हे फ्रीमन यांचे गुन्हेकथेला लाभलेले खरे योगदान होय.