डॉ. श्रीराम लागू : एका नटाची साधना

नट हा जन्मावा लागतो, असे आपण सहज म्हणून जातो. डॉ. श्रीराम लागू यांचे चरित्र पाहिले म्हणजे नट घडतोही, हे पटते.

१६ नोव्हेंबर १९२७ रोजी सातारा येथे त्यांचा जन्म झाला. पुण्याच्या बी. जे. मेडिकल कॉलेजात शिकून ते कान-नाक-घशाचे शल्यविशारद झाले. पुण्यात व टांझानियात त्यांनी व्यवसाय केला. मात्र विद्यार्थिदशेपासून लागलेला नाटकाचा नाद सुटला नाही. अखेर १९६९ साली, चाळिशी उलटल्यावर, स्थिरस्थावर झालेला व्यवसाय सोडून ते पूर्णवेळ नट झाले. त्यापूर्वी हौशी रंगभूमीवर वर्षानुवर्षे केलेली तालीम त्यांच्या गाठीशी होती. म्हणूनच या निर्णयाला निव्वळ धाडस म्हणता येत नाही.

१९७० साली रंगमंचावर आलेल्या शिरवाडकरांच्या 'नटसम्राट'मधील गणपतराव बेलवलकर त्यांनी अजरामर केला. 'पिंजरा' (१९७२) मधील अधःपतित गुरुजी आणि 'सामना'मधील सत्तेला प्रश्न विचारणारा मास्तर या भूमिकांत शिक्षकाची दोन टोके दिसतात. 'घरोंदा' (१९७७) साठी त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले, तर 'गांधी' (१९८२) मध्ये त्यांनी गोखल्यांची भूमिका केली. १७ डिसेंबर २०१९ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.

स्नेहसंमेलनापुरता तोंडाला रंग लावणाऱ्या आपणा विद्यार्थ्यांसमोर प्रश्न उरतो तो असा : पोटाची विद्या आणि आवडीची कला यांत वैर असतेच का? डॉक्टरांनी दोन्हींचा अभ्यास केला आणि मगच निवड केली. अभ्यासाशिवाय केलेली निवड ही नुसती हौस ठरते.