निवृत्त नोकराची ग्रॅच्युइटी व तिची वसुली

सहकारी संस्थेच्या नोकरास निवृत्तीच्या वेळी मिळणारी ग्रॅच्युइटी हे संचालकांचे औदार्य नसून संस्थेवरील कायदेशीर ऋण होय. आमच्या परभणी जिल्ह्यातील सभासद व नोकर या उभयतांनी हे ध्यानात ठेवावे.

दहा किंवा अधिक नोकर असलेल्या संस्थेत सलग पाच वर्षे सेवा घडली म्हणजे हा हक्क प्राप्त होतो. अखेरच्या मासिक वेतनास 26 ने भागून 15 ने व सेवेच्या वर्षांनी गुणावे. वेतन 13,000 रुपये व सेवा 20 वर्षे असल्यास 1,50,000 रुपये येतात.

रक्कम देण्याची मुदत 30 दिवसांची; पुढे व्याज चढते. प्रथम संस्थेस लेखी अर्ज देऊन पोच घ्यावी. टाळाटाळ झाल्यास सहकार न्यायालयात न जाता या कायद्याखाली नेमलेल्या अधिकाऱ्याकडे दाद मागावी. 1972 च्या कायद्यातील ही वाट 21 नोव्हेंबर 2025 रोजी अमलात आलेल्या सामाजिक सुरक्षा संहितेनेही राखिली आहे. 1972 च्या कायद्याखाली अधिकाऱ्याचा दाखला निघाल्यावर ही रक्कम शेतसाऱ्याच्या थकबाकीप्रमाणे कलेक्टरमार्फत वसूल होत असे.

महसूल कचेरीत आम्ही हयात घालविली. वसुलीचा सारा जोर कागदावर असतो. म्हणून नोकरांनी नेमणुकीचा हुकूम व पगाराच्या पावत्या जपून ठेवाव्यात, आणि संचालकांनी या देण्याची रक्कम दरसाल बाजूस काढावी.