कंसाचा विग्रह

कला शाखेत प्रवेश घेतला म्हणजे गणिताचा ससेमिरा एकदाचा सुटला, अशी आपल्यापैकी बहुतेकांची समजूत असते. परंतु पदवी हाती येते न येते तोच भरतीच्या परीक्षा समोर उभ्या राहतात आणि तेथे कंस ठाण मांडून बसलेलेच असतात. मित्रहो, माझ्या मते निदान भाषेच्या विद्यार्थ्याने तरी कंसाला भिऊ नये.

'आईवडिलांना' हा द्वंद्व समास घ्या. विग्रह करताना प्रत्यय दोघांनाही लागतो : आईला आणि वडिलांना. २(अ + ब) = २अ + २ब, हेही तसेच. बाहेरचा गुणक आतल्या प्रत्येक पदाला लागतो.

खरी अडचण कंसामागच्या वजा चिन्हाची. समजा, मी ५०० रुपये घेऊन मौद्याच्या बाजारात गेलो. माल १२० रुपयांचा घेतला, दुकानदाराने २० रुपये सूट दिली. शिल्लक ५०० − (१२० − २०), म्हणजे ४०० रुपये. कंस काढून ५०० − १२० − २० असे लिहिले, तर ३६० उरतात. म्हणजे सूट मिळूनही तोटाच! सुटीने खर्च घटतो, म्हणून ती शिलकेत मिळवावी लागते : ५०० − १२० + २०. यावरून नियम असा : कंसामागे वजा असेल तर आतील प्रत्येक पदाचे चिन्ह बदलते; अधिक असेल तर एकही बदलत नाही.

हा नियम परका नाही. भास्कराचार्यांनी (जन्म १११४) आपल्या 'बीजगणित' ग्रंथाच्या आरंभीच सांगितले आहे की, वजा करावयाची धन राशी ऋण होते आणि ऋण राशी धन होते. ऋण राशी दाखविण्यासाठी तेव्हा अंकावर टिंब देत. त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांच्या नातवाने मठ स्थापल्याचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटण येथे आहे.

आता एक उदाहरण पाहू :
७क्ष − २(३क्ष − ५) + ४
= ७क्ष − ६क्ष + १० + ४
= क्ष + १४

ताळा पाहण्यासाठी क्ष = १ घ्या. मूळ पदावली ७ + ४ + ४ = १५; उत्तरही १५. दुसऱ्या ओळीत +१० ऐवजी −१० लिहिले असते, तर उत्तर −५ आले असते आणि चूक तत्काळ उघडी पडली असती.

कंसात कंस असेल तर आधी सर्वांत आतला सोडवावा. शाळेतले 'कंचेभागुबेव' आठवते ना? त्यातही पहिला मान कंसाचाच आहे. विग्रह जमला की समास सुटतो, कंसाचेही तेच.